पळमणी: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पळमणी हा मी लिहीत असलेल्या कथांमधील एक काल्पनिक खडा आहे. या कथा सातारा तालुक्यातील कृष्णाकाठच्या एका गावात घडतात. तेथे आक्का नावाच्या एका विधवा शेतकरीण बाईंजवळ हा खडा असतो आणि त्याच्या आधाराने त्यांना थोडा वेळ उसना घेता येतो. कथा वाचून किंवा ऐकून झाल्यावर पुन्हा पुन्हा येणाऱ्या प्रश्नांची उत्तरे येथे एकत्र दिली आहेत.

पळमणी खरोखर अस्तित्वात आहे का?

नाही. तो मी रचलेला आहे. ज्या खनिजांवरून तो सुचला ती मात्र खरी आहेत आणि त्यांची माहिती पुढे येईल.

त्याला ‘कालमणी’ असे भारदस्त नाव न देता ‘पळमणी’ का म्हटले?

कारण त्याची ताकद तेवढीच आहे. आपल्या जुन्या कालगणनेत एका अहोरात्राच्या ६० घटिका, एका घटिकेची ६० पळे आणि एका पळाची ६० विपळे होतात. आजच्या मोजमापात घटिका म्हणजे २४ मिनिटे आणि पळ म्हणजे २४ सेकंद. हा खडा कमीत कमी एक पळ आणि जास्तीत जास्त एक घटिका देऊ शकतो. पळाहून लहान काळ त्याच्या पकडीत येत नाही आणि घटिकेहून मोठा काळ त्याच्यात मावत नाही. काळावर सत्ता चालवणारा मणी म्हटला की वाचक युगे उलटीपालटी होण्याची वाट पाहू लागतो, आणि मला तर ‘घटकाभर बसा की’ असे आपण दारातल्या माणसाला म्हणतो, त्या घटकेची गोष्ट सांगायची होती.

खडा दिसतो कसा आणि सापडला कुठे?

आवळ्याएवढा, पाणीदार, किंचित हिरवट झाक असलेला आणि वरून टोक घासल्यासारखा चौकोनी. आक्कांच्या मामंजींना तो विहीर खणताना सापडला, असे कथेत आहे.

ही जागा मी विचार करून निवडली. सातारा जिल्ह्याचा बहुतेक भाग दख्खनच्या काळ्या कातळाचा आहे. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी लाव्ह्याचे थरावर थर साचून हा खडक तयार झाला. लाव्हा थिजताना त्यात वायूचे बुडबुडे अडकले आणि त्यांच्या पोकळ्या राहिल्या. नंतर लाखो वर्षे त्या पोकळ्यांतून पाणी झिरपत राहिले आणि त्यातील क्षार आतल्या भिंतींवर स्फटिक होऊन बसले. विहीर खणणारे अशा सच्छिद्र खडकाला मांजऱ्या म्हणतात. सुरुंग उडाल्यावर एखादा धोंडा दुभंगतो आणि बाहेरून काळ्याकुट्ट दिसणाऱ्या त्या दगडाच्या पोटात पांढरे, गुलाबीसर किंवा हिरवट स्फटिक चमकताना दिसतात. त्यात झिओलाइट कुळातले स्टिलबाइट असते, त्यांच्याच सोबतीने आढळणारे अपोफिलाइट असते आणि आपली नेहमीची गारगोटीही असते. पळमणी दिसायला अपोफिलाइटसारखा आहे. ते खनिज ठिसूळ असते, कठीणपणात गारगोटीच्या बरेच खाली येते आणि रोजच्या वापरातल्या अंगठीत टिकत नाही. म्हणूनच आक्का तो कधी अंगावर घालत नाहीत.

खडा काम कसा करतो?

झिओलाइटचा एक गुण मला पहिल्यांदा कळला, तेव्हा ही सगळी कल्पना जागेवर बसली. या खनिजांची अंतर्रचना जाळीदार असते आणि त्या जाळीच्या घरांत पाण्याचे रेणू राहतात. खडा तापवला की पाणी बाहेर पडते, आणि निवून दमट हवेत राहिला की तो ते पुन्हा शोषून घेतो. या साऱ्या व्यवहारात त्याचा सांगाडा मोडत नाही. १७५६ मध्ये क्रोनस्टेट या स्वीडिश खनिजशास्त्रज्ञाने असा खडा तापवताना तो फसफसताना पाहिला आणि ‘उकळणारा दगड’ या अर्थाचे ग्रीक नाव त्याला दिले.

पळमणी पाण्याऐवजी वेळ साठवतो. तळहाताच्या उबेने तो तापला की साठलेला वेळ बाहेर पडतो आणि ज्याच्या हातात खडा आहे त्याला मिळतो. तेवढा काळ जग थांबते आणि खडा धरणारा हिंडूफिरू शकतो. पुढे खडा निवला की रिकामी झालेली घरे त्याला पुन्हा भरायची असतात, आणि ती तो त्याच माणसाच्या दिवसातून भरून घेतो. तेवढा काळ माणूस थांबतो आणि जग चालू राहते. घेतले तेवढेच परत जाते, एक विपळ कमी नाही की जास्त नाही.

यासाठी खडा थंड ठेवणे भागच आहे. आक्का तो माजघरातल्या रांजणाच्या तळाशी ठेवतात. हातात घेतल्यावर तो पुरता तापायला उन्हाळ्यात अर्धी घटिका लागते, थंडीत त्याहून जास्त. हा नियम बारीक वाटला, तरी पुढील निम्म्या प्रश्नांची उत्तरे त्यातूनच निघतात.

आक्का त्याचा वापर नेमका कशासाठी करतात? एखादे उदाहरण द्याल का?

सर्वांत जास्त विचारली जाणारी कथा ‘कागद’ ही आहे, म्हणून तीच सांगतो.

सावकाराचा माणूस अंगठा घ्यायला येणार हे आक्कांना आदल्या दिवसापासून माहीत असते. त्यांना वाचता येते, पण अक्षराला अक्षर लावून, बोट ठेवून. समोर माणूस बसलेला असताना असे वाचायला घेतले की तो हसतो, घाई करतो, ‘वहिनी, आमच्यावर विश्वास नाही होय?’ असे विचारतो, आणि मग अंगठा उमटून जातो. हे त्यांच्या सासूच्या बाबतीत घडलेले असते. त्या दिवशी आक्का पदराखाली खडा धरून ओसरीवर बसतात. माणूस येतो, चहा होतो, तो कागद पुढे सरकवतो आणि टाक दौतीत बुडवून वर काढतो. त्याच क्षणी खडा तापतो.

टाकाच्या टोकाला लोंबणारा शाईचा थेंब तसाच राहतो. चहावरची वाफ कपाच्या काठावर कापसासारखी उभी असते. अंगणातली कोंबडी एक पाय उचलून थांबलेली असते. आक्का कागद उचलतात आणि वाचायला लागतात. ‘म-ौ-जे’ इथपासून सुरुवात होते. पहिल्या चार ओळींनाच त्यांची निम्मी घटिका जाते. सातव्या ओळीत त्यांना विहिरीजवळच्या वावराचा नंबर सापडतो. गहाण ठेवायचे ठरले होते ते माळाचे रान, विहिरीचे नव्हे. त्या कागद होता तसा ठेवतात, पदर सारखा करतात आणि थेंब कागदावर पडतो.

या कथेत कोणाचा जीव वाचत नाही, खजिना मिळत नाही. एका बाईला स्वतःच्या गतीने एक पान वाचायला मिळते, एवढेच घडते.

आणि त्या घटिकेची फेड?

ती त्याच संध्याकाळी होते. फेडीची वेळ निवडता येत नाही. पुढचा सूर्योदय होण्याच्या आत ती केव्हाही आणि एकाच सलग तुकड्यात येते. म्हणून खडा वापरलेल्या दिवशी आक्का विहिरीवर जात नाहीत, नदी उतरत नाहीत आणि शक्यतो चुलीपासून लांब राहतात. त्या दिवशी सून माहेरी गेलेली असते. परातीत भाकरी थापताना त्यांचा हात वर उचललेला राहतो आणि तव्यावरची भाकरी करपून काळी होते. नात हाका मारते, मग घाबरून शेजारणीला बोलावून आणते. शेजारीण कांदा फोडून नाकाला लावते. घटिका संपते आणि आक्का पुढची थाप मारतात. ‘आक्कांना फेपरं येतं’ ही गावातली बोलवा अशाच प्रसंगांतून पसरलेली असते, आणि ती खोडून काढता येत नाही हा फेडीचाच एक भाग आहे.

खडा वापरणाऱ्याचे वय लवकर वाढते का?

नाही. उसन्या घेतलेल्या पळांत त्याचे वय जेवढे पुढे जाते, तेवढेच ते फेडीच्या पळांत थांबते. हिशेब चोवीस तासांत जुळतो.

खड्याने भूतकाळात जाता येते का?

येत नाही, आणि हा नियम मी कोणत्याही कथेत मोडणार नाही. खडा वेळ पुढेमागे सरकवतो. झालेली गोष्ट न झालेली करत नाही. गेलेला नवरा, बुडालेले पीक, बोलून गेलेला शब्द, यांच्यापैकी काहीही त्याच्या आवाक्यात नाही.

मग आक्कांनी कोयनेच्या भूकंपात काही का केले नाही?

पाटण तालुक्यातील वाचकांकडून हा प्रश्न दरवेळी येतो आणि तो मला टाळायचा नाही. ११ डिसेंबर १९६७ रोजी पहाटे ४ वाजून २१ मिनिटांनी कोयनानगरला हादरा बसला. त्याची तीव्रता साडेसहाच्या आसपास होती. शंभराहून अधिक माणसे दगावली आणि कोयनानगरातील बहुसंख्य घरे पडली किंवा राहण्याजोगी उरली नाहीत. कथांचा काळ तोच असल्यामुळे तो दिवस वगळून पुढे जाणे अप्रामाणिकपणाचे झाले असते.

‘रांजण’ या कथेत आक्का त्या पहाटे फळीवरची भांडी वाजल्याने जाग्या होतात. त्या अंधारात माजघराकडे धावतात आणि त्यांचा पाय पाण्यात पडतो. रांजण फुटलेला असतो. त्या शेणाने सारवलेल्या जमिनीवर, चिखलात, खापऱ्यांमधून हाताने चाचपत खडा शोधतात. तो सापडतो तेव्हा बर्फासारखा गार असतो. त्या तो दोन्ही तळहातांत धरून, छातीशी घेऊन बसतात, फुंकर घालतात. परंतु डिसेंबरची पहाट असते आणि हादरा तर केव्हाच थांबलेला असतो. खडा तापतो तेव्हा शेजारच्या घरातली माणसे अंगणात येऊन एकमेकांना हाका मारत असतात. आक्का तो तसाच निवू देतात.

वाचकांनी मला अनेक पर्याय सुचवले. खडा रात्री उशाशी ठेवला असता तर, त्यांना स्वप्न पडले असते तर, असे बरेच काही. खड्याला भविष्य कळत नाही. शिवाय खरोखर मेलेल्या माणसांना माझ्या कथेत वाचवून दाखवणे मला योग्य वाटत नाही. ज्यांच्या घरातली माणसे त्या पहाटे गेली, त्यांना ते वाचून काय वाटेल, याचा विचार केल्यावर हा निर्णय अवघड राहिला नाही.

खड्याची वेळ घड्याळाप्रमाणे चालते की सूर्याप्रमाणे?

सूर्याप्रमाणे, आणि तोही साताऱ्याच्या सूर्याप्रमाणे. भारतीय प्रमाणवेळ पूर्व रेखांश ८२ अंश ३० मिनिटांवर धरलेली आहे. सातारा ७४ अंशांच्या आसपास आहे. एका अंशाला ४ मिनिटे या हिशेबाने आपण प्रमाणवेळेच्या सुमारे ३४ मिनिटे मागे आहोत, म्हणजे घड्याळात बारा वाजतात तेव्हा आपल्याकडे खरी माध्यान्ह व्हायला सरासरी अर्ध्या तासाहून अधिक अवकाश असतो. ‘सूर्योदयाच्या आत फेड’ या नियमातील सूर्योदय हा आक्कांच्या अंगणातून दिसणारा सूर्योदय आहे. एका कथेत त्या मुंबईला मुलाकडे जातात, तेव्हा हा हिशेब चार-पाच मिनिटांनी चुकतो आणि गाडीच्या डब्यात त्यांची पंचाईत होते.

जग थांबले तर प्रकाशही थांबेल. मग आक्कांना दिसते कसे? श्वास कसा घेता येतो?

भौतिकशास्त्राच्या एका निवृत्त शिक्षकांनी हा प्रश्न मला बारीक अक्षरात दोन पाने लिहून विचारला होता. त्याचे समाधानकारक उत्तर माझ्याजवळ नाही, कारण ते असूच शकत नाही. प्रकाश, हवा आणि डोळा यांतले काहीही वेळेच्या बाहेर राहू शकत नाही. ही कथेने घेतलेली सवलत आहे. मुखपृष्ठावर मोटेचे पाणी थारोळ्यात पडता पडता अधांतरी उभे राहिलेले दाखवले आहे. ते पाहू शकणारा डोळा कथेतच असतो.

तथापि, सर्व ठिकाणी काळ सारख्याच वेगाने चालतो ही आपली समजूतही खरी नाही. आइन्स्टाइनच्या सापेक्षतावादानुसार गुरुत्वाकर्षण जेथे अधिक तेथे घड्याळ सावकाश चालते. उपग्रहांवरून दिशा दाखवणाऱ्या जीपीएस यंत्रणेतील घड्याळे जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि त्याची दुरुस्ती केली नाही तर मोबाइलवरील नकाशा पार चुकेल. याच न्यायाने कास पठारावरील घड्याळ सातारा शहरातील घड्याळापेक्षा दिवसाला काही नॅनोसेकंद पुढे जाते. त्या शिक्षकांना हे उत्तर पटले नाही, पण आवडले.

टोपली कारवी सात वर्षांनी फुलते. खडा वापरून ती आधी फुलवता येईल का?

नाही. खडा धरणाऱ्या माणसालाच वेळ मिळतो, झाडाला नव्हे. झाड उरलेल्या जगाबरोबर थांबते.

ही कल्पना पुराणांतून घेतली आहे का? स्यमंतक, कौस्तुभ?

स्यमंतक रोज आठ भार सोने देत असे, त्याचा काळाशी संबंध नाही. काळाची गंमत असलेली पुराणकथा म्हणजे रेवतीची. तिचे वडील ककुद्मी वर विचारायला ब्रह्मलोकी गेले, गायन संपेपर्यंत थोडे थांबले, आणि तेवढ्यात पृथ्वीवर २७ चतुर्युगे उलटून गेली होती. तिथे मणी नाही.

माझ्या मनात घोळत होती ती लीलावतीची आख्यायिका. भास्कराचार्यांनी ११५० मध्ये सिद्धांतशिरोमणी पूर्ण केला; ‘लीलावती’ हा त्याचा पहिला भाग. अकबराच्या दरबारातील कवी फैजीने १५८७ मध्ये केलेल्या त्याच्या फारसी भाषांतरात ही आख्यायिका येते. मुलीच्या लग्नाचा एकच शुभ मुहूर्त होता. तो चुकू नये म्हणून घटिकापात्र, म्हणजे पाण्यावर सोडले की तळाच्या छिद्रातून भरत जाऊन एका घटिकेत बुडणारे भांडे, लावले होते. मुलगी कुतूहलाने वाकून पाहत असताना तिच्या अलंकारातला मोती पात्रात पडला, तळाच्या छिद्रावर बसला आणि पाणी आत यायचे थांबले. सगळे पात्र बुडण्याची वाट पाहत राहिले आणि मुहूर्त निघून गेला. ही घटना इतिहास म्हणून धरता येत नाही. पण एका रत्नाने वेळ मोजणे थांबवले आणि वेळ मात्र थांबला नाही, हे त्या कथेने फार नेमके सांगितले आहे. पळमणी ही त्याच्या उलट बाजूची कल्पना आहे.

खऱ्या जगात खड्याचा आणि वेळेचा काही संबंध आहे का?

आहे, आणि तो तुमच्या मनगटावर आहे. क्वार्ट्झ घड्याळात गारगोटीच्याच खनिजाचा बारीक तुकडा असतो. त्याला विजेचा दाब दिला की तो ठरावीक गतीने कंप पावतो, सामान्यतः सेकंदाला ३२,७६८ वेळा. हा आकडा १५ वेळा निम्मा केला की बरोबर एक उरतो आणि तेवढ्याने सेकंदकाटा एक घर पुढे जातो. खडा वेळ थांबवत नाही, पण तो मोजण्यात त्याचा हात धरणारे फार कमी आहेत.

नीलम घातल्यास पळमण्याचा परिणाम मिळतो का? पळमण्याची अंगठी कोठे मिळते?

कोठेही मिळत नाही. एका वाचकाने कळवल्यावरून मी एका रत्नांच्या दुकानात जाऊन पाहिले, तेव्हा पांढुरका स्फटिक ‘पळमणी’ या नावाने चांदीत बसवून ठेवलेला होता आणि ‘परीक्षेला जाणाऱ्या मुलांना उपयोगी’ असे मलाच सांगण्यात आले. मी लेखक असल्याचे सांगितल्यावर विक्रेत्याने थोडी सूट देऊ केली. कृपया अशी अंगठी घेऊ नका. नीलम, शनी आणि साडेसाती यांचा या कथांशी काहीही संबंध नाही.

खडा शोधण्यासाठी जुन्या विहिरींत उतरावे का?

उतरू नये. जुन्या विहिरींच्या पायऱ्या निसरड्या असतात, तळाशी गाळ असतो आणि लिंबच्या बारा मोटांच्या विहिरीसारख्या वास्तू हा आपला ठेवा आहे. तेथे दगड उकरणाऱ्या दोन मुलांनी माझ्या कथेचे नाव सांगितले, हे ऐकून मला लाज वाटली होती.

पळमणी वापरून आम्ही स्वतःची कथा किंवा एकांकिका लिहू शकतो का?

अवश्य लिहा. फेडीचा नियम मात्र ठेवा. तो काढून टाकलेली एक एकांकिका मी पाहिली आहे. त्यात नायक पाऊण तास वेळ थांबवून सर्व प्रश्न सोडवतो आणि शेवटी प्रेक्षकांना जांभया येतात.

आक्का खऱ्या होत्या का?

माझ्या वडिलांच्या एक आत्या होत्या. त्यांच्याजवळ खडा नव्हता, तांब्याचे घटिकापात्र होते. गावातल्या लग्नांना ते मागून नेले जाई. पाण्याने भरलेल्या घंगाळात ते अलगद सोडायचे, तळाच्या बारीक छिद्रातून पाणी चढत जायचे आणि एका घटिकेने ते ‘डुब्’ असा आवाज करून बुडायचे. आत्या प्रत्येक लग्नानंतर ते चिंचेने घासून ठेवत. आता ते माझ्याकडे आहे. दिवाळीत मी ते घंगाळात सोडून मोबाइलवर वेळ लावला, तर ते बावीस मिनिटांतच बुडाले. इतक्या वर्षांच्या घासण्याने छिद्र किंचित मोठे झाले असावे. माझ्या पुतणीला मात्र हे मान्य नाही. तिने बोटांवर हिशेब करून पाच पळे कमी आहेत असे सांगितले, आणि ती घंगाळाच्या तळाशी हात घालून चाचपत बसली.